मुखवटा आणि जीभ

थायलंडच्या ‘खोन’ नृत्यनाट्यात रावण हिरव्या मुखवट्याचा, हनुमान पांढऱ्या. पोशाख नटाच्या अंगावरच टाके घालून शिवतात. २०१८ साली युनेस्कोने ही कला वारसा यादीत घेतली. मला नवल वाटले ते वेगळ्याच गोष्टीचे. मुखवट्यातला नट बोलत नाही. त्याचे बोलणे निवेदक बोलतो.

आपल्या दशावतारातला संकासुर असा गप्प बसेल? काळ्या बुरख्यातून वेद चोरायला येतो आणि वर भटजीची फिरकी घेतो, तीही बोलीत! तोंड झाकले तरी जीभ मोकळी.

घाट चढून बेळगावकडे गेले की मुखवटाही उतरतो. गोकाकजवळ एकदा ‘श्रीकृष्ण पारिजात’ पाहिले. कौजलगी निंगम्माने गाजवलेला हा खेळ, गाण्या-बोलण्याचा. सगळे कन्नडात. माझी मदार सत्यभामेच्या शालू-दागिन्यांवर आणि फुगलेल्या गालांवर!

शेजारी निपाणीकडचे एक मराठी आजोबा होते. या मुलखात १९५६ पासून भाषेचा तंटा. २००४ साली महाराष्ट्राने सर्वोच्च न्यायालयात दावाही घातला. आम्हा कारकुनांकडे भाषा म्हणजे अर्जातला एक रकाना. आजोबांनी त्यात मराठीच लिहिले असते, आणि ठासून.

“आजोबा, समजतं का हो सगळं?”

“त्यात काय समजायचं? बाई रुसलीया न्हवं!”

तेवढ्यात दूती काहीतरी बोलली. आजोबा खदखदून हसले. काय म्हणाली, विचारले.

“मराठीत सांगितलं तर मजा जाईल की वो,” म्हणाले, आणि पुन्हा हसले.