चार

बाबा हल्ली एकच शब्द बोलतात. "चार." चहा हवा असेल तर चार, पंखा बंद करायचा तरी चार. आईला हाक मारायची तरी चारच!

नाशिकरोडच्या प्रेसमध्ये नोकरी झाली त्यांची. माणूस भलता बोलका. पंचवटीपासून देवळालीपर्यंत ओळखी. मग एका पहाटे मेंदूच्या डाव्या बाजूला स्ट्रोक आला. उजवा हात बराचसा परत आला, शब्द नाही आले. डॉक्टर म्हणाले, अफेजिया. मराठीत वाचाघात.

वाचायला लागले तेव्हा पॅरिसचा एक रुग्ण भेटला. वीसेक वर्षं तो फक्त "तां" एवढंच बोलायचा, पण विचारलेलं त्याला बरंचसं कळायचं. १८६१ साली तो गेल्यावर ब्रोका नावाच्या सर्जनने मेंदू तपासला. डाव्या बाजूचा पुढचा भाग खराब झाला होता. आमच्या 'चार'ला एक जुना भाऊ मिळाला म्हणायचा!

गणपतीत आणखी एक गंमत झाली. आरती सुरू झाली आणि बाबा शब्दन् शब्द म्हणाले. आई ताट धरून रडायला लागली. आरती संपली, मी विचारलं, "बाबा, प्रसाद?" "चार." स्पीच थेरपिस्ट म्हणाल्या, असं होतं. पाठ असलेलं, गायलेलं पुष्कळदा शाबूत राहतं. आपलं वाक्य जुळवणं अवघड.

खरा त्रास वेगळाच. भेटायला येणारे त्यांच्यासमोरच विचारतात, "काकांना कळतं का हो काही?" बाबा तोंड फिरवतात. दुसऱ्यांना कशाला नावं ठेवू? मीही त्यांची वाक्यं भराभर पुरी करत होते. चूक असली तरी.

परवा दोघं मिसळ खायला गेलो. पोराने विचारलं, "किती?" मी तोंड उघडणार, तेवढ्यात बाबा म्हणाले, "चार." मी गप्प बसले. चार प्लेटा आल्या. बाबा आधी बघतच राहिले, मग असे हसले की डोळ्यांत पाणी आलं. किती महिन्यांनी त्यांचं कुणीतरी ऐकलं होतं! दोन पार्सल करून घरी आणल्या.

तेव्हा मंडळी, घरी या. टीव्ही बंद करू. एका वेळी एकानेच बोला, आणि बाबांशी बोला, माझ्याशी नको. हो-नाही मान हलवून सांगता येईल असं विचारा. मोठ्याने नको, ऐकू छान येतं त्यांना. आणि थोडं थांबा.

चहा मात्र एकच कप मिळेल.