जेडन म्हणजे काय?

दादाला मुलगा झाला तेव्हा नवघरच्या आमच्या घरात पेढे आधी वाटले गेले की भांडण आधी सुरू झाले, हे आता नक्की सांगता येणार नाही. भांडण नावाचे होते. थोरल्या नातवाला आजोबांचे नाव द्यावे, ही आमच्या घरातली चाल. दादाला आमच्या आजोबांचे नाव आहे, इनास. त्या न्यायाने बाळ पास्कू व्हायचे, कारण आमच्या बाबांचे नाव पास्कू. पण वहिनीने दवाखान्यातच सांगून टाकले, "याचे नाव जेडन."

बाबांनी एवढेच विचारले, "म्हणजे काय?"

"ऐकायला छान वाटते, पप्पा."

बाबा उठून ओट्यावर जाऊन बसले. त्या रात्री ते जेवले नाहीत.

मी घरातली शिकणारी, म्हणून अर्थ शोधायचे काम माझ्याकडे आले. शोधला, आणि पंचाईत झाली. जेडनला धड असा अर्थच नाही! एडन, हेडन, ब्रेडन अशा नावांच्या यमकावर अमेरिकेत ते रुळले आणि २०१०च्या सुमारास तिथल्या मुलांच्या पहिल्या दहा नावांत जाऊन बसले. म्हणजे वहिनी खरेच बोलली होती. वहिनी अंधेरीच्या ऑफिसात दिवसभर फोनवर परदेशी माणसांशी बोलते. स्वतःच्या जुन्या वळणाच्या नावाचे स्पेलिंग तिला रोज दोन-चारदा सांगावे लागते. मुलाच्या वाट्याला ते नको, हे तिचे खरे कारण. पण ते बाबांना कसे सांगणार?

तशी बाबांच्या नावाची तरी कथा काय? पास्कू म्हणजे पोर्तुगीजांचा पास्कोआल, ईस्टरच्या सणाशी नाते सांगणारा. १५३४मध्ये वसई पोर्तुगीजांच्या हाती गेली, १७३९मध्ये चिमाजीअप्पांनी ती घेतली. फिरंगी गेले, नावे राहिली. आमचे एक काका दुमिंग. दुमिंग म्हणजे रविवार. मिठागरात बाबांचे जोडीदार होते बुधाकाका, ते बुधवारी जन्मलेले. उधाणाने बांध फुटला की रविवार आणि बुधवार शेजारी शेजारी चिखल उपसत. अर्थ कुणी कुणाला विचारला नाही.

बुधाकाकांच्या नातवाचे नाव आता रेयांश आहे. सूर्यकिरणाचा अंश, असे त्याची आई सांगते. त्यातला 'रे' संस्कृत कोशात मला काही सापडला नाही. तो इंग्रजी असावा. पण त्या घरात कुणी उपाशी झोपले नाही.

बाबांना वाटले, निदान फादर तरी अडवतील. पूर्वी तसे होते. १९१७च्या धर्मसंहितेप्रमाणे बाळाला ख्रिस्ती नाव द्यायचे. आईबाप ऐकत नसतील तर पाद्रीने संताचे नाव जोडून दोन्ही नावे नोंदवायची. १९८३च्या संहितेत एवढेच उरले की नाव ख्रिस्ती भावनेला परके नसावे. फादर हसून म्हणाले, "चालेल." बाबांचा शेवटचा आधार गेला. घरी येताना वाटेत ते मला हळूच म्हणाले, "माझ्यामागे पास्कू म्हणून हाक मारायला कुणी राहणार नाही." मला काही बोलता आले नाही.

मग एका रात्री जुन्या करारात मला तो भेटला. नहेम्याच्या पुस्तकात, तिसऱ्या अध्यायात, यरुशलेमचा तट दुरुस्त करणाऱ्यांची लांबलचक यादी आहे. तिच्यात इंग्रजीत एक जेडन आहे. स्पेलिंग वेगळे, कानाला तेच. मराठी बायबलात तो यादोन. सकाळी बाबांना वाचून दाखवले.

"काय केले त्याने?"

"तटाचा एक तुकडा दुरुस्त केला. पुढे काही नाही, एवढेच आहे."

बाबा बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, "उधाणाने पडला होता?"

"नाही, शत्रूने पाडला होता."

"हं," बाबा म्हणाले, आणि चहा मागितला.

बाप्तिस्म्याच्या वहीत दादाने 'जेडन पास्कू' असे लिहून घेतले. वहिनीनेही हरकत घेतली नाही. बाबा मात्र त्याला यादू म्हणतात. वहिनी आतून ओरडते, "जेडन, पप्पा, जेडन!" बाबा हो म्हणतात आणि पुन्हा अंगणातून हाक येते, "यादू!"

तो वळून बघतो.