पाणबुडीची धुराडी
ग्लासगोच्या गोव्हन भागात, एल्डर पार्कमध्ये, 'के-१३' पाणबुडीचे स्मारक पाहिले. ती बांधली ती फेअरफील्डची गोदी अगदी समोरच!

पाणबुडीला धुराडी म्हणजे माशाला छत्री! पण आरमाराबरोबर २४ नॉट धावायचे, तर त्या काळची डिझेल एंजिने अपुरी. म्हणून वाफ आली. बुडी घेताना धुराडी आडवी करायची, बॉयलरघराच्या हवेच्या वाटा मिटायच्या. २९ जानेवारी १९१७ रोजी गेरलॉकमधल्या चाचणीत त्यांतल्या चार उघड्याच राहिल्या. ३२ जण गेले. त्यांत गोदीची माणसेही होती. ४८ वाचले, पण अखेरच्यांची सुटका व्हायला ५७ तास लागले.

आरमाराने बोट वर काढली, 'के-२२' म्हणून पुन्हा कामाला जुंपली. १३ हा आकडा गेला, धुराडी राहिली.