अल्कलीचे खानदान

नवीन पनवेलला सिडकोच्या वसाहतीत म्हसळा, श्रीवर्धन, महाडकडून आलेली आपली बरीच कुटुंबे आहेत. मुले सेमी-इंग्रजीत. इतिहास-भूगोल मराठीत, गणित-विज्ञान इंग्रजीत, घरात कोकणी नाहीतर उर्दूमिश्रित बोली. जीभ अडखळते ती नेमकी विज्ञानाच्या तासाला.

शेजारची दहावीतली मुलगी गणितासाठी माझ्याकडे येते. एकदा म्हणाली, "चाचा, मी आता शिकवणीत मोठ्याने वाचणार नाही." तिने 'अल्कली' वाचले होते आणि सगळी मुले हसली होती. सरसुद्धा.

उच्चार 'ॲल्कलाय' हाच. उद्या मुलाखतीत तोच लागणार, म्हणून मी तो तिच्याकडून म्हणवून घेतला. पण मग शब्दाचे खानदानही सांगितले. मूळ अरबी 'अल-कली'. खाऱ्या जमिनीत उगवणाऱ्या झुडपांची राख. तिच्यापासून साबण करीत, काच करीत. मराठी पाठ्यपुस्तकातल्या 'अल्क'मध्येही ते अरबी 'अल' शाबूत आहे. ज्या उच्चाराला वर्ग हसला, तो बगदादला चालून गेला असता. फक्त काफ जरा घशातून काढावा लागला असता.

तिच्या अब्बांच्या मोबाइलवर किब्ला दाखवणारे ॲप आहे. पनवेलहून किब्ला उत्तरेपासून घड्याळाच्या दिशेने सुमारे २८० अंशांवर येतो. या कोनाला इंग्रजीत ॲझिमथ म्हणतात. तोही अरबी 'अस्-सुमूत', म्हणजे दिशा. उर्दूतल्या 'सिम्त'चे भावंड.

"म्हणजे सगळे आपलेच!" ती खूश झाली.

हा फुगा मला फोडावा लागला. जलशांतून अशी भाषणे पुष्कळ ऐकली आहेत. अल्गोरिदम हा शब्द ज्याच्या नावावरून आला, त्या अल-ख्वारिज्मीचा गौरव करायचा आणि घरच्या पोराचे बीजगणिताचे पुस्तक कधी उघडून पाहायचे नाही!

मी तिला 'साइन' घ्यायला लावला. भूमितीतली वर्तुळाची जीवा आपल्याला ठाऊक आहे. शब्द संस्कृत, अर्थ धनुष्याची दोरी. आर्यभटाने ४९९ साली अर्ध्या जीवेची मापे दिली. अरबांनी तो शब्द 'जीब' असा उचलला. आता 'जीब' आणि 'जैब' जेर-जबर न देता लिहा. दोन्ही एकसारखेच दिसतात. पुढच्यांनी 'जैब' वाचले. जैब म्हणजे अंगरख्याचा गळा, घडी. आपली 'जेब' तीच. बाराव्या शतकात लॅटिन भाषांतरकारांनी त्याच अर्थाचा 'सायनस' घातला, त्याचा साइन झाला. धनुष्याची दोरी अशी खिशात गेली, आणि तेव्हापासून दुनियाभरचे इंजिनिअर हा चुकीचा वाचलेला शब्द बिनदिक्कत वापरताहेत.

ती बराच वेळ हसत होती. मग तिने विचारले, "आणि कोसाइन?"

त्याला काही खानदान नाही, म्हटले. कोटिकोनाचा साइन तो कोसाइन. तीस अंशांचा कोसाइन म्हणजे साठ अंशांचा साइन. माझे वाक्य संपायच्या आत तिने पंचेचाळीसचे उदाहरण वहीत मांडले होते.