पिकदाणीचा नाद

फिर्यादी पक्षाच्या वकिलाच्या वक्तृत्वाला ऐन भरते आले असावे, आणि नेमक्या त्याच क्षणी पंचांच्या बाकावरील एका म्हाताऱ्याने तंबाखूची पिचकारी अचूक पिकदाणीत मारून सबंध इजलासभर ‘टण्ण’ असा नाद उठवावा, हा १९३४ सालच्या ‘जज प्रीस्ट’ या चित्रपटातील प्रसंग पाहिल्यापासून तो खटला कशाचा होता हे मला धड सांगता येत नाही, नाद मात्र कानांतून जात नाही.

वास्तविक तो माझ्या जुन्या परिचयाचा. माझे आजोबा मुनसफ कोर्टात शिरस्तेदार होते, आणि पेन्शनीत निघाल्यावरही त्यांच्या तक्क्याच्या उजव्या अंगास एक पितळी पिकदाणी हुकमाच्या शिपायासारखी उभी असे. तिला दर शनिवारी चिंच नि राख लावून घासण्याचे काम आम्हां नातवंडांकडे असल्यामुळे तांबूलसेवनाविषयी मला जो तिटकारा जडला तो आजतागायत गेलेला नाही. परंतु आजोबांचा नेम! मान न वळवता, कोणाचे तरी गाऱ्हाणे ऐकता ऐकता, ते दोन हातांवरून पीक टाकीत आणि थेंब बाहेर पडत नसे. पिकदाणी रिकामी असता नाद खणखणीत, भरत आली की दबका. घासण्याची पाळी किती जवळ आली याचा अदमास आम्ही माजघरातूनच बांधीत असू. समोरच्याच्या बोलण्यात खोटेपणाचा वास आला की तो ‘टण्ण’ जरा चढा निघे, आणि बोलणारा अडखळे. हाकिमापुढे तीस वर्षे कागद रुजू करून त्यांनी मिळवलेला एवढाच काय तो स्वतःचा अधिकार असावा.

पडद्यावरचा तो पंच म्हणजे फ्रान्सिस फोर्ड. अमेरिकेतील मेन प्रांतात, पोर्टलंड येथे १८८१ साली जन्मलेल्या या गृहस्थाचे मूळ आडनाव फीनी. १९१२ साली ‘कस्टर्स लास्ट फाइट’ त्याने स्वतः दिग्दर्शित केला आणि कस्टरही स्वतःच झाला. पुढे ग्रेस क्युनार्डच्या जोडीने ‘द ब्रोकन कॉइन’सारखे मालिकापट गाजवले. त्या भरभराटीच्या दिवसांत बारा-तेरा वर्षांनी धाकटा भाऊ त्याच्याकडे उमेदवारीस आला, पडेल ते काम शिकला, आणि थोरल्याने धारण केलेले फोर्ड हे आडनावही त्याने उचलले. तोच पुढे दिग्दर्शक झालेला जॉन फोर्ड. फासे उलटल्यावर थोरला धाकट्याच्या चित्रांतून मद्यपी, जराजर्जर सैनिक, रस्त्यावरचा रिकामटेकडा अशी कामे करू लागला. ‘स्टेजकोच’मध्ये तो वाटेवरच्या एका ठाण्याचा रखवालदार आहे, त्याच वर्षीच्या, १९३९ च्या, ‘ड्रम्स अलाँग द मोहॉक’मध्ये त्याला गवताच्या गाडीवर बांधून ती पेटवतात, आणि दिग्दर्शक वेलमनच्या ‘ऑक्स-बो इन्सिडेंट’मध्ये तो निरपराध असून फासावर जातो. नायकांचे देखणेपण मला फार वेळ पाहवत नाही. नजर आपली कोपऱ्यातल्या या म्हाताऱ्याला हुडकीत राहते.

१९५२ च्या ‘द क्वाएट मॅन’मध्ये शुभ्र दाढीनिशी तो मृत्युशय्येवर पडलेला, घटका मोजीत असलेला; इतक्यात बाहेर मारामारीचा गलका कानी येतो, आणि मरण तहकूब करून हा बिछान्यातून ताडकन उठतो नि तमाशा पाहायला धावत सुटतो. पुढल्याच वर्षी तो खरोखरीच गेला.

आमच्या पिकदाणीचे म्हणाल, तर ती धाकट्या काकांकडे आहे. ते पान खात नाहीत.