रंगीत ज्योत आणि अनर्थदंड



डाळ उतू गेली की गॅसची निळी ज्योत एकदम पिवळी होते, हे आपण सगळ्यांनी पाहिलंय. ती करामत डाळीची नसते, तिच्यातल्या मिठाची असते. मिठात सोडियम असतं. आचेत त्याच्या अणूंना ऊर्जा मिळते आणि ती ते पिवळ्या प्रकाशाच्या रूपात परत देतात. असा प्रत्येकाचा रंग ठरलेला. तांब्याचा हिरवा-निळा, पोटॅशियमचा फिका जांभळा, स्ट्रॉन्शियमचा लाल. फटाक्यांचे रंगही असेच येतात. 1860 साली जर्मनीत बुन्सेन आणि किरखॉफ यांनी ज्योतीचा प्रकाश तपासूनच सीझियम हे नवं मूलद्रव्य शोधून काढलं.

सातवीतल्या नातीला हे घरी करायचं होतं. तिची यादी तयारच होती: मीठ, मोरचूद, कॅरमची बोरिक पावडर आणि पेटवायला सॅनिटायझर. दिवाळीच्या सुट्टीत रोज रात्री गच्चीवर रंगीत ज्योतींची रांग लावायची म्हणे!

आपल्याला अग्नी म्हणजे नुसती आच नव्हे, ते अग्निकायिक एकेंद्रिय जीव. श्रावकाची चूल काही सुटत नाही, म्हणून तर अनर्थदंड विरतीचं व्रत सांगितलंय. विनाकारण हिंसा नको. मी कॉमर्सची, मला हे व्हाउचरसारखं वाटतं. प्रत्येक खर्चापुढे कारण लिहायचं. स्वयंपाकाचं कारण लिहिता येतं, रोजच्या तमाशाचं काय लिहिणार? पण मुलीचं शिकणं हे कारणच नाही, असं म्हणायलाही जीभ रेटेना.

सून म्हणाली, "आई, तुम्हीच ठरवा."

मग ठरलं ते असं. वेगळी आग पेटवायची नाही. रात्री तर नाहीच, ज्योतीवर किडे झेपावतात. दिवसा पडदे ओढायचे आणि चहा उतरवल्यावर गॅस बंद करण्याआधी अर्धा मिनिट घ्यायचा. मोरचूद विषारी, ते स्वयंपाकघरात येणार नाही. सॅनिटायझर, स्पिरिट ज्योतीजवळ मुळीच नाही. त्याची वाफ पेट घेते, आग बाटलीपर्यंत पोचते आणि भर उजेडात ती ज्योत नीट दिसतही नाही.

ओल्या चमच्याचं टोक मिठात बुडवून मी सांडशीने ज्योतीच्या कडेला धरलं. पिवळंधमक! नंतर प्लॅस्टिक पूर्ण सोललेली तांब्याची तार धरली. तिच्याभोवती हिरवी कड उमटली. नात डोळे विस्फारून बघत होती. मी गॅस बंद केला.

"आजी, एवढंच?"

"एवढंच. लाल का होतं ते आता पुस्तकात वाच."

थोड्या वेळाने तीच म्हणाली, "पण आजी, अर्ध्या मिनिटात जीव गेलेच ना?"

"गेले," मी म्हटलं. "कारण होतं म्हणून हिशोबातून सुटले असं नाही."

त्या संध्याकाळी प्रतिक्रमणाला ती आपणहून माझ्याशेजारी येऊन बसली.

तुमची नातवंडं असा हट्ट धरतात, तेव्हा तुम्ही रेघ कुठे ओढता? जरूर कळवा.