पुकारा झाला, आम्ही नव्हतो

"अपील गैरहजेरीत काढून टाकले आहे." कोर्टातल्या कारकुनाने रजिस्टरवर बोट ठेवून सांगितले, तेव्हा १९९८ चा सप्टेंबर चालू होता. हुकूम झाला होता एप्रिलमध्ये. म्हणजे पाच महिने आम्ही हरलेलो होतो आणि आम्हाला पत्ताच नव्हता!

खटला गावच्या दीड एकर जमिनीचा. शेजाऱ्याने बांध सरकवत आणला होता. खालच्या कोर्टात हरल्यावर दादांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, जिल्हा कोर्टात अपील केले. पुढे त्यांना अर्धांगवायू झाला आणि तारखा माझ्याकडे आल्या. मी मुंबईत कारखान्यात कामाला. एका तारखेपायी दोन खाडे आणि एस.टी.चे भाडे. दोनदा गेलो, दोन्ही वेळा पुढची तारीख मिळाली. मग वाटले, वकील आहेत ना, ते बघतील. पुकारा झाला त्या दिवशी वकीलही नव्हते.

दादांना सांगितले. ते भिंतीवरच्या बाबासाहेबांच्या फोटोकडे बघत राहिले. मग अडखळत म्हणाले, "ऐकून हरवलं असतं तर सोसलं असतं. आपण उभंच राहिलो नाही, बाळा."

ते शब्द मनाला लागले. चवदार तळे आपण दरवर्षी २० मार्चला आठवतो. पण त्यानंतरचा दावा? डिसेंबर १९२७ मध्ये सवर्णांनी महाडच्या कोर्टात बाबासाहेबांवर दावा लावला. तिथून तो ठाण्याला आणि पुढे मुंबई हायकोर्टात गेला. १७ मार्च १९३७ ला हायकोर्टाने सवर्णांचे अपील फेटाळले. पाणी एका दिवसात प्यालो, पण त्याचा हक्क कोर्टात टिकवायला नऊ वर्षांवर काळ लागला. बाबासाहेबांनी दावा वाऱ्यावर सोडला नाही. आणि मी दोन खाड्यांना भ्यालो!

दुसऱ्या वकीलसाहेबांनी धीर दिला. दिवाणी कायद्यातल्या आदेश ४१, नियम १७ प्रमाणे अपील करणारा गैरहजर असेल तर अपील काढून टाकता येते, पण खरेखोटे ठरवून फेटाळता येत नाही. योग्य कारण दाखवले तर नियम १९ खाली ते पुन्हा घेतले जाते. मुदत ३० दिवसांची. उशीर झाला तर माफीचा अर्ज वेगळा. वकिलाच्या चुकीची शिक्षा निर्दोष पक्षकाराला नको, असे सुप्रीम कोर्टाने १९८१ मध्ये रफिक विरुद्ध मुन्शीलाल या खटल्यात म्हटले आहे. आम्ही दवाखान्याचे कागद जोडले. कोर्टाने आमच्याकडून खर्च भरून घेतला आणि अपील पुन्हा घेतले.

निकालात निम्मीच जमीन मिळाली. दादा म्हणाले, "ऐकून दिलंय ना? मग झालं."

बंधू-भगिनींनो, पत्ता बदलला तर वकिलांना कळवा. तारीख स्वतः वहीत लिहा. आता सी.एन.आर. क्रमांकावरून ती मोबाईलवरही दिसते. अनुसूचित जातींना, आणि १९९० पासून त्यांत आपण बौद्धही आलो, तसेच सर्व स्त्रियांना, उत्पन्न न बघता सरकारी विधी सेवेतून मोफत वकील मिळतो. दाखला घेऊन जा, मागून घ्या. पण पुकारा होईल तेव्हा आपले माणूस तिथे उभे असू द्या.

जयभीम!